गोरेपणाचे क्रीम, फुटलेला थर्मामीटर आणि मुशीचे कालवण

अकोल्याच्या एका घरातल्या तिघी, आई आणि तिच्या दोन मुली, काही वर्षांपूर्वी मूत्रपिंडाच्या आजाराने अंथरुणाला खिळल्या. तिघींना तो एकाच सुमारास झाला होता. मुंबईच्या केईएम रुग्णालयातल्या डॉक्टरांनी मूळ शोधायला घेतले, तेव्हा ब्यूटीशियनकडून आणलेले चेहरा उजळवणारे एक क्रीम तिघी वापरत असल्याचे निघाले. आधी मुलीने लावले, रंग खरोखरच उजळला, म्हणून आईने आणि बहिणीनेही सुरू केले. त्या क्रीममध्ये पारा होता.

केरळातल्या कोट्टक्कलच्या डॉक्टरांनी २०२४ मध्ये ‘किडनी इंटरनॅशनल’ या नियतकालिकात अशाच २२ रुग्णांची हकीकत मांडली. मूत्रपिंडाची चाळणी बिघडून त्यांच्या लघवीतून प्रथिने जाऊ लागली होती. त्यांतल्या १५ जणांत या विकाराचा एरवी क्वचित दिसणारा प्रकार सापडला आणि त्या पंधरांपैकी १३ जण उजळपणाचे क्रीम लावत होते.

पारा म्हटले की बहुतेकांना थर्मामीटर आठवतो. क्रीम, धान्याची कोठी किंवा माशाचे ताट कोणाच्या डोक्यात येत नाही. पाऱ्याच्या बाबतीत अडचण होते ती इथेच. तो ज्या रूपात असेल त्यावर शरीरात शिरण्याची त्याची वाट ठरते, कोणत्या अवयवाला इजा होणार ते ठरते आणि घ्यायची काळजीही ठरते. ‘पारा विषारी’ एवढेच ठाऊक असलेले घर भलत्याच गोष्टीला घाबरते आणि जिथे खरोखर जपायला हवे तिथे निर्धास्त राहते.

चकचकीत धातुरूप पारा चुकून गिळला गेला तर तो आतड्यातून जवळजवळ शोषला जात नाही, शौचावाटे बाहेर पडतो. मात्र तोच पारा साध्या खोलीच्या तापमानालाही हळूहळू वाफ होत राहतो. या वाफेला रंग नाही, वास नाही. श्वासाबरोबर आत गेलेल्या वाफेतला सुमारे ८० टक्के पारा रक्तात उतरतो आणि मेंदूपर्यंत पोहोचतो. पाऱ्याचे क्षार हे दुसरे रूप. ते त्वचेतून आणि पोटातून शिरतात आणि मूत्रपिंडावर घाला घालतात. तिसरे रूप मिथाइल पारा. नदी-खाडी-समुद्राच्या तळच्या गाळातले जिवाणू साध्या पाऱ्यापासून तो बनवतात. तो माशांत साठतो, खाल्ल्यावर जवळपास सगळाच्या सगळा शोषला जातो आणि गर्भातल्या बाळाच्या मेंदूलाही सोडत नाही.

थर्मामीटर फुटला तर

पाऱ्यावरच्या आंतरराष्ट्रीय मिनामाता करारावर भारताने २०१४ मध्ये सही केली आणि २०१८ मध्ये त्याला रीतसर मान्यता दिली. पाऱ्याचे थर्मामीटर आणि रक्तदाबमापक बंद करायला देशाने २०२५ पर्यंतची मुदत मागून घेतली होती. दुकानांतून ही उपकरणे हटत असली तरी घराघरांतल्या औषधांच्या डब्यांत आणि खेड्यांतल्या दवाखान्यांत ती अजून आहेतच. थर्मामीटरात साधारण अर्धा ते दीड ग्रॅम पारा असतो. उभ्या काचेच्या नळीच्या रक्तदाबमापकात ऐंशी-शंभर ग्रॅमपर्यंतही असतो.

शाळेच्या प्रयोगशाळेतून पेनाच्या टोपणात पारा पळवून आणून तळहातावर खेळवणाऱ्या पिढ्या महाराष्ट्रात होऊन गेल्या. त्यांतले बहुतेक ठणठणीत आहेत, हा युक्तिवाद घरोघरी ऐकू येतो. तळहातावर थेंब दोन मिनिटे फिरवणे वेगळे आणि पलंगाखालच्या फटीत अडकलेला थेंब महिनोन्‌महिने वाफ सोडत राहणे वेगळे. लहान मुले जमिनीलगत वावरतात, आणि पाऱ्याची वाफ सांडलेल्या जागेजवळच सर्वांत दाट असते.

थर्मामीटर फुटताच मुले, गरोदर बाई आणि मांजर-कुत्रे यांना आधी त्या खोलीबाहेर काढावे. पंखा आणि एसी बंद करावा, बाहेरच्या बाजूच्या खिडक्या उघडाव्यात, घरात उघडणारे दार लावून घ्यावे. आवरायला बसणाऱ्याने सोन्याच्या अंगठ्या, बांगड्या उतरवून ठेवाव्यात. पारा सोन्यात मुरतो आणि दागिना पांढरा पडतो. केरसुणीला हात लावू नये, कारण तिने एका थेंबाचे शंभर बारीक थेंब होतात आणि वाफ वाढते. व्हॅक्यूम क्लीनर तर मुळीच नको. त्याच्या गरम हवेबरोबर पारा घरभर पसरतो आणि यंत्रही कायमचे निकामी होते.

हातमोजे घालून जाड पुठ्ठ्याच्या दोन तुकड्यांनी थेंब हलकेच एकमेकांकडे सारावेत; ते आपसूक जुळतात. मग सुई काढलेल्या सिरिंजने किंवा ड्रॉपरने उचलून घट्ट झाकणाच्या बाटलीत थोड्या पाण्याखाली ठेवावेत. खोली अंधारी करून टॉर्च जमिनीलगत तिरपा धरला की राहिलेले कण चमकतात. ते चिकटपट्टीने टिपावेत. फरशीच्या फटीत पारा गेला असेल तर तिथे गंधकाची पूड भुरभुरावी. गंधकाशी संयोग झालेला पारा सहजी वाफ होत नाही. काष्ठौषधींच्या दुकानात गंधक मिळते. सतरंजीवर सांडला असेल तर तेवढा भाग कापून टाकणे परवडते; पाऱ्याचे कपडे वॉशिंग मशीनमध्ये टाकणे परवडत नाही. त्यानंतर खोली निदान एक दिवस हवेशीर ठेवावी. मुलाने दातांनी थर्मामीटर फोडून पारा गिळला असेल तर उलटी करवू नये. तिथे खरा धोका काचेचा असतो, म्हणून डॉक्टरांना लगेच दाखवावे.

राहता राहिली ती बाटली. ती बेसिनमध्ये किंवा संडासात ओतली की पारा नदीकडे चालू लागला असे समजावे. २०१६ च्या घनकचरा नियमांत फुटलेले थर्मामीटर, सीएफएल दिवे आणि वापरलेल्या बॅटऱ्या यांना घरगुती घातक कचरा म्हटले होते. तो वेगळा घेणे स्थानिक संस्थेचे काम आहे. अनेक गावांत अशी सोय कागदावरच असते, आणि तिथे जवळच्या मोठ्या रुग्णालयात चौकशी करणे बरे, कारण रुग्णालयांना असा कचरा अधिकृत संस्थेकडे पाठवावाच लागतो. भंगारवाल्याला मात्र देऊ नये.

भंगारात गेलेल्या पाऱ्याचे काय होते ते कोडाईकनालने पाहिले आहे. अमेरिकेत न्यूयॉर्क राज्यात चाललेला थर्मामीटरचा कारखाना १९८० च्या दशकात तमिळनाडूतल्या या थंड हवेच्या गावी हलवण्यात आला. पुढे तो हिंदुस्तान लिव्हरकडे आला. २००१ च्या मार्चमध्ये गावातल्या एका भंगाराच्या आवारात पारा चिकटलेल्या काचेचा सात टनांहून अधिक ढीग सापडला, आणि कारखाना बंद पडला. २००३ मध्ये पारायुक्त कचरा जहाजाने परत अमेरिकेला पाठवावा लागला. कामगारांच्या आजारांशी कारखान्याचा संबंध नसल्याचे कंपनी सांगत राहिली. अखेर २०१६ मध्ये ५९१ माजी कामगार व त्यांच्या कुटुंबीयांशी तिने समझोता केला. आवारातली माती किती साफ करायची, यावरचा वाद त्यानंतरही चालूच राहिला.

एक धंदा असा, की जिथे पारा मुद्दाम तापवतात. सराफ गल्लीतली धूळ गोळा करून तीतले सोने काढणारे झारेकरी पाऱ्यात सोने धरतात आणि पारा उडवून लावतात. जगभरच्या लहान सोनेखाणींत हेच मोठ्या प्रमाणावर चालते. संयुक्त राष्ट्रांच्या पर्यावरण कार्यक्रमाच्या हिशोबाने २०१५ मध्ये माणसाने हवेत सोडलेल्या सुमारे २,२०० टन पाऱ्यापैकी ३८ टक्के एकट्या या धंद्याचा होता. दगडी कोळशाचा नंबर त्यानंतर. घरात, माडीवर, बंद खोलीत हे काम कधीही करू नये. कामाचे कपडे घरच्या कपड्यांत धुऊ नयेत. हाताला कंप सुटला, झोप उडाली, माणूस उगाच चिडचिडा आणि बुजरा झाला, हिरड्या सुजल्या, तर ‘वय झाले’ म्हणून सोडून न देता लघवीतला पारा तपासून घ्यावा.

उजळपणा आणि कोठीतल्या गोळ्या

पारा त्वचेतला रंग बनवणारी प्रक्रिया रोखतो, म्हणून क्रीम आठवड्या-दोन आठवड्यांत ‘काम करते’. ते वेगाने काम करते, हीच संशयाची पहिली खूण. आपल्याकडच्या २०२० च्या सौंदर्यप्रसाधन नियमांनुसार डोळ्यांभोवतीची प्रसाधने सोडली, तर इतर कशातही पारा मुद्दाम घालता येत नाही. नकळत आलेला असला तरी तो दहा लाखांत एक भागाच्या वर चालत नाही. डोळ्यांच्या प्रसाधनांना ही मर्यादा ७० भागांची आहे. पकडल्या गेलेल्या क्रीममध्ये मात्र तो हजारो भागांच्या घरात निघतो.

वेष्टनावर उत्पादकाचा पूर्ण पत्ता, परवाना क्रमांक आणि घटकांची यादी नसेल तर ती डबी घेऊ नये. परदेशातून ‘खास’ आलेली, मराठी-हिंदी-इंग्रजीत एक अक्षर नसलेली डबी तर नकोच. यादीत कॅलोमेल, मर्क्युरिक आयोडाइड, अमोनिएटेड मर्क्युरी, सिनाबार यांपैकी काही दिसले की तो पारा समजावा. सोन्या-चांदीच्या दागिन्यांना लागू देऊ नका अशी सूचना असेल, तर ती कशासाठी हे वर दागिन्यांच्या निमित्ताने आलेच आहे. डबीतले क्रीम उघड्या हवेत काळपट पडत असेल तरी शंका घ्यावी. नाव न सांगता नुसता भाव सांगून विकले जाणारे ‘घरगुती’ क्रीम पार्लरमध्ये मिळत असेल, तर त्यावर पाच वर्षांच्या ओळखीचा भरवसा पुरत नाही. बनवणाऱ्यालाही आत काय आहे ते अनेकदा ठाऊक नसते.

आधीच वापरत असलेल्यांनी क्रीम थांबवावे आणि डबी फेकू नये. ती डॉक्टरांना दाखवायला लागते, अन्न व औषध प्रशासनाकडे तक्रार करायलाही लागते. लघवीला फेस येणे, सकाळी डोळ्यांखाली आणि संध्याकाळी पायांवर सूज, रक्तदाब वाढणे ही लक्षणे असतील तर लघवीतल्या प्रथिनांची साधी तपासणी त्याच आठवड्यात करावी. चांगली बातमी अशी, की वेळेत लक्षात आलेल्या बहुतेक रुग्णांची मूत्रपिंडे क्रीम थांबवल्यावर सावरतात. आईच्या गालावरचे क्रीम तिच्या मुलाच्या तोंडातही जाते, याचा विचार घरात कोणी करत नाही.

वर्षाचा गहू-तांदूळ भरताना कोठीत पाऱ्याच्या गोळ्या किंवा पारद टिकड्या टाकायची पद्धत अनेक घरांत आहे. कीड लागत नाही म्हणून त्या टाकतात. खाण्याच्या धान्यात पारा ठेवण्यात शहाणपण नाही, मग तो पुरचुंडीत बांधलेला असो किंवा मातीत घोटलेला. १९७१-७२ मध्ये इराकमध्ये पाऱ्याचे बुरशीनाशक चोळलेले बियाणे लोकांनी दळून खाल्ले. रुग्णालयांत ६,५३० जण दाखल झाले आणि त्यांतले ४५९ दगावले. तो मिथाइल पारा होता, कोठीतल्या गोळीपेक्षा कितीतरी घातक. तुलना प्रमाणात ठेवलेली बरी. तरीही कडक उन्हात वाळवलेले धान्य, घट्ट झाकणाचा डबा, कडुनिंबाचा वाळला पाला असताना ही जोखीम घ्यायची कशाला? पारद शिवलिंगाची पूजा कोणाला करायची असेल तर ती त्याची श्रद्धा. त्यावरचे दूध-पाणी मात्र तीर्थ म्हणून पिऊ नये, मुलांना तर देऊच नये.

रसौषधींचा विषय नाजूक आहे. रसशास्त्रात पारा हे प्रमुख द्रव्यच. रससिंदूर, मकरध्वज ही नावे घरांत ऐकलेली असतात. अमेरिकेतल्या वैद्यकीय संघटनेच्या नियतकालिकात २००८ मध्ये आलेल्या अभ्यासात इंटरनेटवरून घेतलेल्या १९३ आयुर्वेदिक उत्पादनांपैकी सुमारे एकपंचमांशांत शिसे, पारा किंवा आर्सेनिक निघाले, आणि रसशास्त्राच्या औषधांत हे प्रमाण ४० टक्के होते. भारतीय कायदाही अशा औषधांना मोकळे सोडत नाही. विषारी द्रव्यांच्या यादीतले घटक असलेल्या औषधावर ‘वैद्यकीय देखरेखीखाली घ्यावे’ असा इशारा बंधनकारक आहे. तो इशारा वाचून दुकानदाराच्या सल्ल्यावर पुडी घेऊ नये. गरोदरपणात आणि मूत्रपिंड आधीच अशक्त असताना ती टाळावीच. ॲलोपॅथीच्या डॉक्टरांपुढे वैद्यांचे औषध लपवण्याची सवय रुग्णाला महागात पडते.

ताटातला पारा

जपानच्या क्यूशू बेटावरचे मिनामाता हे मासेमारांचे गाव. १९५० च्या दशकात तिथली मांजरे लडखडत, गरगर फिरत समुद्रात पडू लागली. मग माणसांना बोटांत मुंग्या, तोल जाणे, नजरेच्या कडा मिटणे, बोलणे अडखळणे सुरू झाले. १ मे १९५६ रोजी या आजाराची पहिली अधिकृत नोंद झाली. चिस्सो कंपनी १९३२ पासून आपल्या कारखान्याचे सांडपाणी उपसागरात सोडत होती. कंपनीच्याच रुग्णालयाचे डॉक्टर हाजिमे होसोकावा यांनी १९५९ मध्ये ते सांडपाणी मांजराला खाऊ घालून पाहिले. मांजराला तोच आजार झाला. कंपनीने निष्कर्ष दडपला आणि सांडपाणी १९६८ पर्यंत वाहतच राहिले.

मिनामाताने डॉक्टरांचा एक समज मोडला. वार बाळाला विषापासून राखते असे तेव्हा मानत. मासाझुमी हाराडा यांच्यासारख्या डॉक्टरांनी दाखवून दिले, की आईला जेमतेम लक्षणे असताना बाळ मात्र मेंदूची गंभीर इजा घेऊन जन्मत होते. मिथाइल पारा वार ओलांडतो आणि बाळाच्या नाळेतल्या रक्तात त्याचे प्रमाण आईपेक्षाही जास्त असते.

याचा अर्थ कोकण-गोव्याने मासळी सोडावी असा नाही. हिंदी महासागरातल्या सेशेल्स बेटांवर गरोदर बायका आठवड्याला सरासरी बाराएक वेळा मासे खात. त्यांच्या मुलांच्या दीर्घ अभ्यासात ठळक नुकसान दिसले नाही. उत्तरेकडच्या फेरो बेटांवर मात्र मुलांच्या स्मरणशक्तीत आणि भाषेत थोडी घट आढळली. तिथे लोक पायलट व्हेलचे मांस खात होते. मोठा शिकारी जीव लहानांना खातो, त्यांच्या अंगातला पाराही स्वतःत साठवतो, आणि जितका जास्त जगतो तितका तो साठा वाढतो.

हिशोब सोपा आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या तज्ज्ञ समितीने आठवड्याला शरीराच्या दर किलो वजनामागे १.६ मायक्रोग्रॅम मिथाइल पारा ही मर्यादा घातली आहे. साठ किलोच्या बाईला हे ९६ मायक्रोग्रॅम होतात. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाच्या तपासण्यांत शार्कच्या, म्हणजे मुशीच्या, एका किलोत सरासरी एक मिलिग्रॅमच्या जवळपास पारा भरला, तर सार्डिनच्या किलोत ०.०१३ मिलिग्रॅम. म्हणजे शार्कच्या शंभर ग्रॅमच्या तुकड्यात आठवड्याचा कोटा संपतो. सार्डिन तितकीच खाल्ली तर हिशोब ठेवायचीही गरज नाही.

मराठी बाजाराच्या भाषेत बोलायचे तर तारली, पेडवे, मांदेली, बोंबील, करंदी, कोळंबी, बांगडा ही रोजच्या ताटातली मासळी. मोठा कुपा, तलवार मासा आणि मोठी मुशी, म्हणजे मालवणकडची मोरी, गरोदर बाईने आणि लहान मुलांनी टाळावी. सुरमई, गोव्यात जिला इसवण म्हणतात, ती शिकारीच. मोठ्या सुरमईच्या तुकड्यापेक्षा लहान सुरमई बरी, आणि तीही गरोदरपणात अधूनमधून. बाळंतिणीला दूध यावे म्हणून मुशी खाऊ घालायची किनाऱ्यावरची रीत आहे. ती पाळायचीच असेल तर हातभर लांबीची लहान पिल्ले घ्यावीत आणि एकदोनदाच. त्या दिवसांत प्रथिनांसाठी बांगडा-तारली उत्तम. साल सोलून, मीठ-हळद लावून किंवा तळून पारा जात नाही, कारण तो माशाच्या मांसातल्या प्रथिनांशी बांधलेला असतो. शरीरातला मिथाइल पारा निम्मा व्हायला साधारण पन्नास दिवस लागतात, म्हणून मूल हवे असलेल्या बाईने ही निवड दिवस राहण्याच्या पाच-सहा महिने आधीपासून केलेली चांगली.

दातांत चांदीसारखे जुने फिलिंग असेल त्यात निम्मा पारा असतो, पण ते चांगले बसलेले असेल तर उगाच उकरून काढू नये. वाफ सर्वांत जास्त त्या वेळी निघते. लसींतल्या थायोमर्सलमध्ये एथाइल पारा असतो. तो शरीरातून लवकर निघून जातो आणि त्याच्या भीतीने मुलांची लस चुकवण्याला काहीही आधार नाही. सीएफएल फुटला तर खिडक्या उघडून पंधरा मिनिटे बाहेर थांबावे. त्यात पारा काही मिलिग्रॅमच असतो.

वाफेची किंवा क्रीमची शंका असेल तर लघवीतला पारा पाहतात, मासळीची असेल तर रक्तातला किंवा केसांतला. आदल्या आठवड्यातल्या मासळीने रक्तातला आकडा वाढतो, ते डॉक्टरांना सांगावे. तळहात-तळपाय लाल होऊन सोलणारे, खूप घामेजणारे, चिडचिडे मूल आणि त्याचा वाढलेला रक्तदाब दिसला, तर घरात पारा सांडला होता का हे आठवावे. ‘डिटॉक्स’च्या नावाने विकले जाणारे काढे किंवा स्वतःहून घेतलेली धातू बाहेर काढणारी औषधे नकोत. दिल्लीच्या एम्समध्ये राष्ट्रीय विषबाधा माहिती केंद्र आहे; तुमचे डॉक्टर तिथे विचारू शकतात.

घराबाहेरच्या पाऱ्याला पुठ्ठा आणि सिरिंज पुरत नाही. कल्याण-अंबरनाथच्या बाजूने वाहणाऱ्या उल्हास नदीच्या खाडीतल्या गाळात नैसर्गिक पातळीपेक्षा कितीतरी जास्त पारा असल्याचे राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेच्या संशोधकांनी दाखवले. पाऱ्याच्या साहाय्याने कॉस्टिक सोडा बनवणारे कारखाने त्यामागे होते. देशातले बहुतेक असे कारखाने आता पारा नसलेल्या पद्धतीवर गेले आहेत, पण तळाशी बसलेला गाळ जागेवरच आहे. म्हणून खाडी खणून गाळ हलवण्याचा प्रकल्प आला की गाळाच्या पाऱ्याची तपासणी मागायला हवी. चंद्रपूरचे २,९२० मेगावॉटचे वीजकेंद्र असो की कोराडी, कोळशातला पारा धुराड्यातून आणि राखेतून बाहेर येतो. डिसेंबर २०१५ च्या केंद्रीय अधिसूचनेने धुरातल्या पाऱ्याला दर घनमीटरला ०.०३ मिलिग्रॅमची मर्यादा घातली. महाराष्ट्र प्रदूषण नियंत्रण मंडळाकडे माहिती अधिकारात अर्ज करताना ‘प्रदूषणाची माहिती’ असे न लिहिता केंद्राचे नाव, संच क्रमांक, कालावधी आणि ‘धुरातील पाऱ्याच्या मोजणीचे अहवाल’ असे लिहावे. राखेच्या तलावाजवळच्या विहिरींच्या पाण्याचे अहवाल वेगळ्या मुद्द्यात मागावेत. तीस दिवसांत उत्तर आले नाही तर त्याच कार्यालयातल्या अपिलीय अधिकाऱ्याकडे पहिले अपील करता येते.